बजरंगची पोथी

मुरुड, १४ ऑक्टोबर

बजरंग,

फोन ब्लॉक करता येतो, पोस्टमन करता येत नाही. माझं अक्षर बघून तू पाकीट न फोडताच टाकून देशील, म्हणून वरचा पत्ता आमच्या मुख्याध्यापकांकडून लिहून घेतला. ते विचारत होते, सख्ख्या भावाला पत्र लिहायला एवढी चोरी कशाला? मी म्हटलं, सर, तो आता मोठा माणूस आहे.

भांडायला लिहीत नाही. भांडण भरपूर शिल्लक आहे, पण ते टिकाऊ आहे, नासत नाही. आज आपल्या बापाचं, अण्णांचं, लिहायचं आहे.

गावात जमीन पुन्हा वाजायला लागली आहे. आधी वाटतं, लांब कुठेतरी खडीचा ट्रक रिकामा होतोय. मग मांडणीवरची भांडी किणकिणतात. तुला मी काय सांगायचं, या आवाजावरच तर तुझं सगळं उभं आहे. नांदेडला कॉलेजात असताना तू, सत्यम आणि मालविका मिळून देव तयार केलेत ना, ते तळातले? तारे पेटण्याआधी कुठूनतरी आलेले, काळ्या दगडाखाली पडून राहिलेले, आणि माणूस नावाचं काही असतं हे ज्यांच्या गावीही नाही असे. डोहाखालची गिळती मालविकाची, नऊतोंड्या सत्यमचा, आणि आपल्या गावाखाली झोपलेला हुंब तुझा. कुणीही लिहावं, मालकी कुणाचीच नाही, फक्त एकदा लिहिलेलं खोडायचं नाही, असे नियम होते तुमचे. सुट्टीत तू मला वाचून दाखवायचास आणि मी रात्री अंगणात जायला घाबरायचे. चांगलंच होतं ते. तसं मी कधी नाकारलं नाही.

तर आवाज झाला की गाव घराबाहेर पळतं. त्र्याण्णवचा भूकंप ज्यांनी बघितला ते आधी पळतात, बाकीचे त्यांच्यामागे. मी तेव्हा तीन वर्षांची होते. तू नव्हतास. माळवदाची घरं कशी बसली ते माय सांगायची. दगडमातीच्या भिंती, वर लाकूड आणि लाकडावर हातभर माती. त्या भूकंपानंतर सरकारनं आपल्याला कॉलमचं घर बांधून दिलं. त्यात आपण म्हैस बांधली. उन्हाळ्यात माळवदाखाली गार वाटतं म्हणून माणसं दगडात आणि म्हैस काँक्रीटमध्ये! गावात निम्म्या घरी हेच. परवा तहसीलचे लोक येऊन समजावून गेले, सगळ्यांनी माना डोलावल्या, चहा पाजला, आणि पुन्हा माळवदाखाली जाऊन बसले. पालथ्या घड्यावर पाणी. पण निदान आवाज झाला की बाहेर तरी पडतात.

अण्णा पडत नाहीत. मी समोर होते तेव्हा. भांडी वाजली, मी दारात पोचले, मागे वळून बघते तर हे मधल्या खोलीत मांडी घालून बसलेले. डोळे मिटलेले, हात मांडीवर. मी ओरडले. आवाज थांबल्यावर म्हणाले, "वरडू नको. जो हलला त्यो त्याला कळला. बजरंगनं सांगितलंय की."

मी हसले. मग बघितलं, तर ते हसत नव्हते.

माय गेल्यावर भजनं ऐकायला म्हणून मी त्यांना मोबाइल दिला होता. शेजारच्या भुजंगकाकांच्या सुनेनं त्यात तुझा पॉडकास्ट लावून दिला. आता ते रोज सांजेला दिवा लावतात आणि तुला लावतात. त्याला बजरंगची पोथी म्हणतात. निम्मं त्यांना कळत नाही. "काय बी बोलून राहिला, पर आवाज लई चांगला लागलाय," एवढंच. चार वर्षांत तू त्यांना एक फोन केला नाहीस, पण त्यांच्या घरात तू रोज बोलतोस. आणि तुझ्या गोष्टीत हुंब जागा होताना माणसानं काय करायचं असतं ते मलाही पाठ आहे. जागचं हलायचं नाही.

मुरुडला आणून ठेवलं होतं त्यांना. दोन दिवसांत परत गेले. म्हशीचं निमित्त.

तेव्हा एक काम कर. त्यांना फोन लाव आणि दोन वाक्यं बोल. "अण्णा, ती गोष्ट आहे. आवाज झाला की बाहेर पळा." माझ्याशी बोलू नकोस. माझा विषय काढू नकोस. एवढंच.

वर्षाराणी


मुरुड, २ नोव्हेंबर

बजरंग,

तुझ्या 'टीम'चं उत्तर शाळेच्या ईमेलवर आलं. "श्रोत्यांच्या प्रेमाबद्दल आम्ही आभारी आहोत." अण्णांना वाचून दाखवू का? त्यांचं प्रेम पोचल्याची पावती आहे ती.

त्यानंतर तीन दिवसांनी तुझं स्वतःचं आलं, तेही वाचलं. तुझं म्हणणं असं की अण्णा नाटक करतायत. ज्या माणसानं तुला "देवाचं सोंग काढून पोट भरतोस" म्हटलं, तो आता तुझं ऐकून जागेवर बसतो हे तुला पटत नाही. फोन केला की माफी मागायला लावतील. शिवाय गोष्ट ही गोष्ट असते, ऐकणाऱ्यानं काय करायचं ते लिहिणारा ठरवत नाही.

शेवटचं वाक्य छान आहे. एखाद्या मुलाखतीत वापर.

आणि मी तेराव्याला सगळ्यांसमोर बोलले, त्याचंही तू काढलंस. बरं झालं काढलंस. माय लातूरच्या दवाखान्यात शेवटचं बोलली तेव्हा कॉटच्या एका बाजूला तू होतास, दुसऱ्या बाजूला मी. "पायाखालून कोण वढून राहिलं गं?" असं म्हणाली. ते फक्त आपल्या दोघांचं होतं. तेरावा व्हायच्या आत तुझ्या गोष्टीत एक बाई मरताना तेच बोलली, त्याच आवाजात, आणि मागे तुम्ही ढोल लावला होता. मायचं मरण विकलंस असं मी म्हणाले. आजही म्हणते. सगळ्या भावकीसमोर पुन्हा उभं केलंस तरी म्हणेन. पण त्याची शिक्षा मला दे ना! अण्णांनी काय केलंय? त्यांनी तो भाग अजून ऐकलेला नाही. ऐकला असेल तरी मला म्हणाले नाहीत.

आता तुला एक गंमत सांगते. गावात तुझा हुंब आता हुंबोबा झालाय.

खरंच. तुझ्या गोष्टी काही एकटे अण्णाच ऐकत नाहीत, मोबाइल घरोघर आहे. सोयाबीन निघाल्यावर पांदीच्या वाटेच्या तोंडाशी, मोकळ्या रानात, कुणीतरी एका धोंड्याला शेंदूर लावला. साखराबाईनं पहिला नैवेद्य नेला, दहीभात. अमावस्येला पहिला नारळही फुटला. मी साखराबाईला म्हटलं, अहो मावशी, गोष्टीतला तो देव माणसाला ओळखतच नाही. त्याला कान नाहीत, त्याला नवस पोचत नाही, म्हणून तर त्याची भीती. ती म्हणाली, "वळखत न्हाई मंजी? वळख करून द्यावी लागती बाई. नव्या सुनंला तरी कुठं समदे वळखीचे असतात?"

तुम्ही तिघांनी एवढी वर्षं राबून आकाशापलीकडून देव आणला, आणि आमच्या गावानं त्याला दहीभातावर माणसाळवला.

पण पुढचं नीट वाच. हुंबोबाला दुर्लक्ष केलेलं आवडत नाही, तो जागा झाला की त्याच्यापुढे जाऊन वाकायचं, असं गावानं ठरवलंय. म्हणजे जमीन वाजली की बायापोरं, म्हातारेकोतारे, सगळे घर सोडून पांदीकडे पळतात आणि मोकळ्या रानात त्या धोंड्यासमोर डोकं टेकतात. तहसीलच्या लोकांनी सांगून जे झालं नाही ते धोंड्यानं करून दाखवलं. तुझी गोष्ट साफ चुकीची ऐकल्यामुळे गाव सुरक्षित आहे.

बरोबर ऐकलीय फक्त अण्णांनी. भुजंगकाका त्यांना ओढून न्यायला गेले, तर हात सोडवून घेतला. "त्ये समदं खोटं हाय. बजरंगच्या पोथीत देऊळच न्हाई. नवस चालत न्हाई. गप बसायचं, एवढंच हाय." उभ्या गावात तुझा एकच खरा भक्त आहे, आणि त्याला तू नाटकी म्हणतोस.

दोन वाक्यं, बजरंग. गोष्टीबाहेरची.

वर्षाराणी


मुरुड, २१ नोव्हेंबर

बजरंग,

तू फोन करणार नाहीस हे आता कळलं. तेवढी मी ढ नाही, उशिरा का होईना कळतं.

रविवारी नांदेडला जाऊन सत्यमला भेटले. तुझ्यासारखं नाव नाही झालं त्याचं, मुदखेडच्या शाळेत शिकवतो. मला बघून घाबरला बिचारा, त्याला वाटलं भांडायला आले. मी सगळं सांगितलं. तो म्हणाला, "आक्का, मी बोललो होतो त्याला. बघतो म्हणाला." मग आम्ही दोघांनी तुझ्या त्या 'बघतो'चं थोडा वेळ दर्शन घेतलं.

मी त्याला विचारलं, तुमचा नियम अजून आहे ना? कुणीही लिहावं? तो म्हणाला, नियम आहे, पाळणारं कुणी राहिलं नाही. मग मी त्याच्या स्वयंपाकघरातल्या टेबलावर बसून लिहिलं. मी, जिनं शाळेच्या वार्षिक अंकाशिवाय आयुष्यात काही लिहिलं नाही. तुमचं काही खोडलं नाही. जो हलतो तो हुंबाला कळतो, हे तसंच ठेवलं. फक्त पुढचं लिहिलं: हुंबाला हालचाल कळते तसं ओझंही कळतं. त्याच्या पाठीवर जे सगळ्यात जड असतं ते तो आधी झटकतो. दगडाच्या घरात बसलेला माणूस त्याला दगडाएवढा जड लागतो. उघड्यावर उभा राहिलेला माणूस पिसासारखा, त्याला कळतच नाही. जुन्या लोकांना हे ठाऊक होतं, म्हणून ते आवाज येताच, पहिलं भांडं वाजण्याआधी, आभाळाखाली जाऊन गप उभे राहायचे. सत्यमनं ते वाचलं आणि म्हणाला, आक्का, हे चांगलंय. मग पंखा बंद करून त्यानं ते आपल्या आवाजात रेकॉर्ड केलं.

दुसऱ्या दिवशी सांजेला मी ते अण्णांना ऐकवलं. दिवा लावलेला, म्हशीची धार काढून झालेली. त्यांनी पूर्ण ऐकलं. मान डोलावत होते. मला वाटलं, जिंकले.

मग म्हणाले, "सत्यम हाय न्हवं ह्यो? पोरगं गुणाचं हाय. दिवाळीला आलं व्हतं एकदा आपल्याकडं, बाजरीची भाकर लई आवडीनं खाल्ली." आणि मोबाइल माझ्या हातात देत म्हणाले, "पर हे बजरंगनं सांगितल्याबिगर म्या कसं धरू? त्यो सांगंल तवा बघू."

मी म्हटलं, अण्णा, तो कशाला सांगेल? तो आपल्याशी बोलत नाही. त्यावर त्यांनी माझ्याकडे असं बघितलं की मीच काहीतरी अशुभ बोलले.

"रोज तर बोलतो," म्हणाले.

रडू आलं मला. त्यांच्यासमोर नाही, म्हशीसमोर.

तेव्हा आता फोन नको करूस. माफी नको, प्रेम नको, नातं नको. मी लिहिलेलं पान सोबत जोडलंय. तुझ्या पुढच्या भागात, तुझ्या गोष्टीतच, तुझ्या आवाजात हे म्हण. माझं नाव देऊ नकोस. तुझा नियम मोडत नाही, मी तपासून घेतलंय. बहीण म्हणून मागत नाही, तुमच्या देवांत एक ओळ लिहिलेली लेखक म्हणून मागते. हे तरी तुला जमेल.

वर्षाराणी


मुरुड, १ डिसेंबर

ऐकला नवा भाग.

तुझा मेसेजही सत्यमकडून पोचला. "आक्काला सांग, ओझ्याची कल्पना जबरदस्त होती." आवडली तुला. वापरलीस. पिसाचं आणि आभाळाचं गाळलंस, कारण त्यात भीती नाही. ओझं तेवढं ठेवलंस. "छप्पर छातीवर येईल. तुळई पाठीवर येईल. कितीही ओझं येवो, हलू नका. ओझ्याखाली जो शांत राहतो, त्यालाच तो आपला समजतो." काय थांबला आहेस त्या 'आपला'च्या आधी! माझ्याही अंगावर काटा आला.

मी पान पाठवलं होतं बापाला घराबाहेर काढायला. पान वाचतानासुद्धा तुला त्यात बाप दिसला नाही, गोष्ट दिसली. मायच्या वेळी वाटलं होतं की दुःखात माणूस काहीही करतो. आता तसं वाटत नाही. तू असाच आहेस.

उद्या गावी जाते. पायाला धरून ओढून आणीन त्यांना, नाहीतर स्वतः त्या माळवदाखाली जाऊन बसेन. मग बघू दोघांचं ओझं मिळून किती होतं ते.

व.


लातूर, ९ डिसेंबर

बजरंग,

सत्यमनं तुला कळवलं असेल. तरी मी लिहिते, कारण तो तिथे नव्हता.

मी दोन तारखेला गेले. ओढून आणणं जमलं नाही. त्र्याहत्तर वर्षांच्या शेतकऱ्याला ओढणं म्हणजे खांब ओढणं. मग मी तिथेच राहिले, रजा टाकून. चार दिवस जमीन गप होती. पाच तारखेला त्यांनी तुझा नवा भाग तिसऱ्यांदा ऐकला.

सहा तारखेला दुपारी मी आडावर धुणं धूत होते. आवाज नेहमीचाच होता. मग तो थांबला नाही. मी उठले तेव्हा कळलं की मी उठले नाही, जमिनीनंच उठवलं. सगळं गाव पांदीकडे पळालं. साखराबाई नातवाला काखेत मारून पळाली. गावात कुणालाही खरचटलंसुद्धा नाही, बजरंग. सगळे तुझ्या हुंबोबासमोर पालथे पडले होते. घरं पण उभी राहिली, भेगा पडल्या तेवढ्याच.

मधली एक तुळई फक्त निसटली. आपली.

मी घराकडे पळाले तर दारातून धूळ येत होती, चुलीतून धूर यावा तशी. मी हाका मारल्या. उत्तर आलं नाही. भुजंगकाका आले, आणखी चारजण आले. मातीचा ढीग, अण्णा कुठल्या बाजूला आहेत ते कळेना. चुकीच्या जागी कुदळ घातली तर वरचं आणखी बसणार. सगळे थांबले. आणि त्या शांततेत खालून तुझा आवाज आला.

मोबाइल चालू होता. दुपारी त्यांनी पुन्हा तुला लावलं होतं. ढिगाखालून तू बोलत होतास, अगदी शांत, तुझ्या त्या थांबून थांबून बोलण्याच्या पद्धतीनं. शब्द लागत नव्हते, पण मला पाठ होते. कुणी हललं नाही. भुजंगकाकांनी कान मातीला लावला आणि हातानं दाखवलं, इथं. आवाजाच्या बाजूनं आम्ही हातांनी माती उपसली. माझी नखं गेली. मध्येच जाहिरात लागली, तेव्हा एकजण रडला. मग तू पुन्हा सुरू झालास. तुझा आवाज नसता तर अण्णा सापडले नसते. हे मी कबूल करते. तुला हवं तर वापर.

ते बसलेलेच होते. मांडी घातलेली, पाठीवर तुळई, एका हातात मोबाइल. डोळे उघडे. खाली वाकून मी तोंडावरची माती पुसली तेव्हा त्यांनी मला ओळखलं.

वाचले आहेत. तुळई कण्यावर बसली. दवाखान्यातल्या डॉक्टरांनी काल मला बाहेर बोलावून सांगितलं की कमरेखाली आता काही हलणार नाही. मी विचारलं, कधीच? ते म्हणाले, ताई, तुम्ही शिक्षिका आहात, तुम्हाला खोटं काय सांगू? म्हणजे तुझ्या हुंबाचा नियम अण्णा आता जन्मभर पाळतील, बिनचूक, आवाज झाला काय न् नाही काय.

सोडल्यावर त्यांना कॉलमच्या घरात ठेवणार आहे. भुजंगकाकांनी म्हैस बाहेर काढली, शेण काढलं, फरशी धुऊन घेतली. भूकंपाला बत्तीस वर्षं झाल्यावर एकदाचं माणूस राहायला जाईल त्यात. मी मुरुडहून गावाकडे बदली मागून घेते. माझी काळजी नको, तशी ती तू करणार नाहीसच.

मोबाइलची काच फुटली आहे, बाहेर काढल्यावर तो बंद पडला. त्यामुळे सांजेला दवाखान्यात दिवे लागले की ते अस्वस्थ होतात. नवा घेऊन देईन म्हणते आणि घेत नाही.

पत्र लिहायचं कारण एवढंच की त्यांचा तुला एक निरोप आहे. ढिगातून वर काढताना, गाडीत घालताना, एक्स-रेला नेताना, माझा हात धरून त्यांनी तो तीनदा सांगितला. फोन लागत नाही, म्हणून लिहून कळवते.

"बजरंगला सांग, म्या हललो न्हाई."

आता रोज सकाळी जाग आली की विचारतात, "सांगितलंस?" मी हाव म्हणते.

मग विचारतात, "काय म्हणला?"

वर्षाराणी